हनुवटीखालची दोन बोटं

३ ऑगस्ट २०२३

पहिल्या दिवाळी अंकाची प्रूफं आज आली. ही वही मात्र त्या कामाची नाही. फिजिओथेरपी करणाऱ्या मुलीने ती लिहायला सांगितली आहे.

काल तिच्याकडे शेक घ्यायला गेले होते. आत कुणीतरी होतं म्हणून बाहेरच्या बाकावर बसून वाचत होते. उजव्या हातात लाल पेन, डाव्या हाताची दोन बोटं हनुवटीखाली. ती दारात उभी राहून बघत होती, मला कळलंच नाही. जवळ येऊन म्हणाली, "काकू, तो हात काढा बरं." हात काढला. मान उजवीकडे निघाली, गेलं दीड वर्ष निघते तशीच. आधी सावकाश, मग दोन-तीन हिसके देऊन खांद्याच्या दिशेला जाऊन थांबली. "आता परत ठेवा." ठेवला. मान मधे आली. असं तिने चारदा करायला लावलं. मग शेक न देताच मला समोर बसवून म्हणाली, "काकू, हे मणक्याचं वाटत नाही मला. तुम्ही न्यूरॉलॉजिस्टना दाखवा. तोवर लिहून ठेवा, मान कधी जास्त फिरते, कधी कमी, काय केलं की बरं वाटतं."

मला घाम फुटला होता. ही दोन बोटं मी वर्षभर सगळ्यांपासून लपवत आले आहे. वाचताना ती लपवावी लागत नाहीत, कारण मुद्रितशोधक हनुवटीला हात लावून बसलेलाच असतो. कचेरीत कुणाला काही दिसलं नाही ते त्यामुळेच.

१० ऑगस्ट

डॉक्टरांची वेळ २८ तारखेची मिळाली. मागचं सगळं आठवून लिहिते.

सुरुवातीचा दिवस असा सांगता येणार नाही. २०२२च्या जानेवारीत मान अवघडल्यासारखी झाली. सासूबाई म्हणाल्या, उशी लागली असेल. उशी दोन दिवस उन्हात टाकली. मानेवरून लाटणं फिरवून झालं. खालच्या मजल्यावरचा मुलगा पायाळू आहे, त्याचा पाय लावून घेतला. ही तर उसण भरल्यावरची रीत, पण त्या आठवड्यात जो जे सांगेल ते केलं. महिन्याभराने डॉक्टर, एक्स-रे, पुढे एमआरआय. पाचव्या-सहाव्या मणक्यांत थोडी झीज निघाली आणि 'सर्व्हायकल' असा शिक्का बसला. हा शब्द नुसता 'मानेचा' एवढंच सांगतो. आमच्याकडे मात्र तो एका दुखण्याचं नाव होऊन बसला आहे, आणि एकदा ते नाव पडलं की पुढे कुणी बघत नाही. गळ्याला पट्टा आला. पट्ट्यात मान आणखीच जोर करायची. संध्याकाळी काढला की हनुवटीखाली लाल वळ असायचे.

बोटांचा शोध मला त्याच उन्हाळ्यात लागला, भाजी निवडताना. तिसऱ्या डॉक्टरांना मी तो मोठ्या आशेने सांगितला. करूनही दाखवला. ते म्हणाले, "बोट लावलं की सरळ होते? मग आजार कुठे आहे? मन रमवा जरा." नवरा शेजारी बसला होता. रिक्षात तो काही बोलला नाही. नंतरही कधी बोलला नाही. पण त्याच्या मनात काय आलं असेल ते माझ्याही मनात आलंच होतं. दोन बोटांनी जी सरळ होते, ती माझी मी का सरळ धरू शकत नाही? त्या रात्री आरशासमोर उभी राहून स्वतःला दटावलं. मान कापत कापत उजवीकडेच गेली. त्या दिवसापासून, वाचताना सोडून, चारचौघांत हनुवटीला हात लावला नाही.

१७ ऑगस्ट

आठवड्याभरात जे दिसलं ते:

झोपेत मान फिरत नाही. लेकीने रात्री दोनदा येऊन पाहिलं. सकाळी उठल्यावर अर्धा तास, कधी पाऊण तास, मी पूर्वीचीच असते. त्या वेळात मी केस विंचरून घेते, भांग पाडून घेते.

चालायला लागलं की सर्वांत वाईट. उन्हात, घाईत, कुणी बघतंय असं वाटलं की त्याहून. रस्ता ओलांडताना पहिल्या अर्ध्याची भीती नाही, गाड्या उजवीकडूनच येतात आणि मी तिकडेच बघत असते. दुभाजकावर पोचले की पुढच्या गाड्या डावीकडून येतात, आणि डावीकडे बघण्यासाठी मला सबंध अंग वळवावं लागतं. काल एका मुलाने मला हाताला धरून पलीकडे नेलं. त्याला वाटलं मला दिसत नाही.

वाचताना हात काढला तर ओळीचा शेवट समोर असतो आणि सुरुवात डावीकडे सुटून जाते. डोळे तिकडे ओढून आणावे लागतात. दुपारपर्यंत डोळे आणि डाव्या बाजूची मान, दोन्ही दुखून येतं. दुखणं उजव्या खांद्याच्या पाठीमागेही उतरतं. लोकांना मान फिरलेली दिसते, दुखणं दिसत नाही.

मानेला थोडी कापही आहे. मान उजवीकडे जाईल तितकी जाऊ दिली की ती थांबते, सरळ आणायला गेलं की वाढते.

बोटांबद्दल एक चमत्कारिक गोष्ट. बोटं टेकण्याआधीच, हात वर येत असतानाच, मान वळायला लागते. जोर शून्य. कागदाचं पान उलटायला लागतो तेवढाही नाही.

२८ ऑगस्ट

आजाराला नाव मिळालं. सर्व्हायकल डिस्टोनिया.

डॉक्टरांनी आधी ही वही वाचली, सगळी. मग मला खुर्चीवर ताठ बसवून म्हणाले, "डोळे मिटा आणि मानेला अडवू नका, तिला जिथे जायचं तिथे जाऊ द्या." दीड वर्षात असं पहिल्यांदाच कुणी सांगितलं. मान सोडली. ती पूर्ण उजवीकडे गेली, थोडी खांद्याकडे कललीही. ते मिनिटभर नुसते बघत होते. नंतर चालायला लावलं, हात पुढे करायला लावले, चार ओळी लिहायला दिल्या. डाव्या कानामागून गळ्याखालच्या हाडापर्यंत येणारा स्नायू त्यांनी माझ्याच बोटांना चाचपून दाखवला. दोरखंडासारखा टणक. "मान उजवीकडे वळवायचं काम पुढून डावा स्नायू करतो आणि मागून उजवा. हे दोघं तुमच्या नकळत काम करत सुटलेत." मागच्या उजव्या स्नायूचं नाव स्प्लेनियस. पुढच्याचं नाव मी त्यांच्याकडून कागदावर लिहून घेतलं, स्टर्नोक्लाइडोमॅस्टॉइड. एवढं लांब नाव एका दमात बरोबर वाचलं म्हणून ते हसले.

मेंदूच्या आत खोल काही केंद्रं आहेत, बेसल गँग्लिया. कुठला स्नायू कधी आवळायचा, कुठला कधी सोडायचा, याचा मेळ राखण्यात त्यांचा मोठा वाटा असतो. तो मेळ बिघडतो. एमआरआयमध्ये हे दिसत नाही, कारण तिथे जागेवर काही तुटलेलं नसतं. मणक्याची ती झीज माझ्या वयाच्या कितीतरी धडधाकट माणसांच्या एमआरआयमध्ये निघेल, असंही म्हणाले. उलटीवरच्या किंवा मानसिक आजारावरच्या गोळ्या बरेच दिवस चालू होत्या का, हे दोनदा विचारलं, त्यातल्या काहींनी अशी मान फिरू शकते. घरात कुणाला? नाही. बहुतेकांच्या घरात कुणालाच नसतं. साधारण चाळिशी-पन्नाशीत सुरू होतो, बायकांमध्ये जास्त. काहींची मान वळते, काहींची खांद्यावर कलते, काहींची छातीकडे झुकते, काहींची मागे जाते. बहुतेकांना दुखतंही.

बोटांबद्दल मी सर्वांत शेवटी सांगितलं, खालच्या आवाजात. वहीत वाचलेलं असूनही त्यांनी मला बोलू दिलं. मग म्हणाले, "हीच तर खूण आहे. असा स्पर्श बहुतेक डिस्टोनियातच चालतो. दुसऱ्या कशाने मान फिरली असती तर तुमच्या बोटांना ती बहुधा बधली नसती."

मी रडले. नवऱ्याने माझ्या पाठीवर हात ठेवला आणि डॉक्टरांना म्हणाला, "हे आम्हाला आधी कुणी सांगायला पाहिजे होतं."

३० ऑगस्ट

दोन दिवस वाचते आहे. या स्पर्शाला वैद्यकात इतिहास आहे, तोही फ्रेंच. पॅरिसच्या साल्पेत्रिएर रुग्णालयात नामवंत न्यूरॉलॉजिस्ट शार्को यांच्या हाताखाली तयार झालेले एदुआर ब्रिसो नावाचे डॉक्टर होते. १८९०च्या दशकात त्यांनी माझ्यासारखे रुग्ण पाहिले. मान एवढ्या जोराने फिरते की दुसऱ्या कुणाला सरळ करता येत नाही, आणि रोग्याने स्वतःचं एक बोट गालाला टेकवलं की ती आपसूक मधे येते. हे त्यांनी बारकाईने पाहिलं, लिहून ठेवलं. आणि निष्कर्ष काढला की ज्याला बोटाने अडवता येतं तो आजार स्नायूंचा नाही, मनाचा. 'मानसिक मानमोड' असंच काहीसं नाव त्यांनी दिलं. १९०२ मध्ये मेझ आणि फँदेल या दोघांनी अंगविक्षेपांवर मोठा ग्रंथ लिहिला, त्यातही तोच सूर. १९११ मध्ये बर्लिनच्या हेर्मान ओपेनहाइम यांनी काही मुलांमधल्या वेगळ्या आजारासाठी 'डिस्टोनिया' हा शब्द घडवला. पण फक्त मान फिरणारे लोक त्यानंतरही अनेक दशकं मनाच्या खात्यावरच राहिले. लंडनच्या डेव्हिड मार्सडेन यांनी १९७०च्या दशकात हे चित्र पालटवलं. मान फिरणं, पापण्या घट्ट मिटून जाणं, लिहिताना हात वाकडा होणं, ही सगळी एकाच मेंदूविकाराची रूपं आहेत, असं त्यांनी रुग्णामागून रुग्ण तपासून मांडलं.

म्हणजे ब्रिसो यांना खूण दिसली होती. वाचली उलटी. माझ्या धंद्यात असं होतं. मजकूर बरोबर असतो, वाचणारा त्याला चूक समजून लाल रेघ मारतो, आणि ती चूक मग आवृत्तीमागून आवृत्ती छापली जाते. ती रेघ ऐंशी वर्षं छापली गेली. माझ्या तिसऱ्या डॉक्टरांच्या हातात २०२२ सालीसुद्धा तीच जुनी आवृत्ती होती. त्यांच्यावरचा राग अजून गेला नाही. ते वाईट माणूस नव्हते, मला घाईनेही तपासलं नव्हतं. पण मी वर्षभर स्वतःला खोटारडी समजत होते.

१२ सप्टेंबर

डॉक्टर मानेच्या स्नायूंत इंजेक्शनं देणार आहेत, ती पुढच्या महिन्यात. तोवर गोळ्या चालू आहेत, ट्रायहेक्सिफेनिडिल. तोंडाला कोरड पडते, घास पाण्याशिवाय गिळवत नाही, बद्धकोष्ठ. तेही सोसलं असतं. पण आज संपादकांनी पान परत पाठवलं. आरोग्यावरच्या लेखात 'डोक्याची शीर' असायला हवं तिथे 'शिर' आहे, आणि त्याखाली माझी सही. एकवीस वर्षांत माझ्या हातून ही ऱ्हस्व-दीर्घ सुटलेली नाही. अक्षरं दुपारनंतर पुसट होतात, वाचलेलं वाक्य पुढच्या वाक्याला लक्षात राहत नाही. डॉक्टरांना फोन केला. एकदम बंद करायच्या नाहीत, दर चार दिवसांनी थोड्या कमी करत आणायच्या. तरुण मुलांना या गोळ्या चांगल्या सोसतात म्हणे, वय वाढतं तसं डोक्यावर धुकं येतं.

१९ सप्टेंबर, गणेश चतुर्थी

प्राणप्रतिष्ठेनंतर आरती. माझ्या हातात निरांजनाचं ताट. दोन्ही हात गुंतलेले, मान पूर्ण उजवीकडे. चुलत सासूबाई म्हणाल्या, "अगं, देवाकडे तरी सरळ बघ." मी ताट लेकीकडे दिलं आणि आत गेले. स्वयंपाकघरात ओट्याशी उभी राहून, हनुवटीला बोटं लावून आरती ऐकली.

६ ऑक्टोबर

आज इंजेक्शनं झाली.

सकाळी नवऱ्याने विचारलं, "विषच ना ते?" हो, विषच. खराब झालेल्या मांसात वाढणाऱ्या जिवाणूचं. दीडशे-दोनशे वर्षांपूर्वी जर्मनीत सॉसेज खाऊन माणसं मरायची. पापण्या पडायच्या, घसा बंद व्हायचा, मग श्वास. लॅटिनमध्ये सॉसेजला 'बोटुलस' म्हणतात, त्यावरून या विषबाधेचं नाव बोटुलिझम. व्युर्टेमबर्गमध्ये युस्टिनुस केर्नर नावाचा कवी होता, पेशाने डॉक्टर. त्याने १८२०च्या आसपास अशा रोग्यांची टिपणं काढली, थोडं विष स्वतःवरही घेऊन पाहिलं, आणि लिहिलं की शरीराच्या अनावर हालचालींवर हे कधीतरी औषध म्हणून चालेल. १८९५ मध्ये बेल्जियमच्या एलझेल गावात अंत्यविधीला वाजवायला आलेल्या बँडवाल्यांनी हॅम खाल्लं, त्यातले काही दगावले, आणि एमिल व्हान एरमेंगेम यांनी तो जिवाणू शोधून काढला. बरोबर त्याच दशकात पॅरिसमध्ये ब्रिसो माझ्या आजाराला मनाचा म्हणत होते. दोन्ही गोष्टी एकमेकींना भेटायला आणखी जवळजवळ नव्वद वर्षं लागली. सॅन फ्रान्सिस्कोचे नेत्रतज्ज्ञ अ‍ॅलन स्कॉट यांनी तिरळ्या डोळ्यांसाठी हे विष अतिसूक्ष्म मात्रेत वापरून दाखवलं, कॅनडातल्या डॉक्टरांनी १९८०च्या दशकात ते मानेला देऊन पाहिलं. अमेरिकेत डोळ्यांसाठी १९८९ मध्ये आणि मानेसाठी २००० मध्ये त्याला अधिकृत मान्यता मिळाली.

हे सगळं मी नवऱ्याला रिक्षात सांगितलं. तो शांतपणे ऐकत होता.

कुपी फ्रिजमधून आली. तळाशी औषध आहे हे सांगितल्यावरही दिसेना, इतका पातळ थर. त्यात सलाइन घालून हलक्या हाताने फिरवलं. सुईला एक तार जोडलेली होती, ती एका यंत्राला. सुई स्नायूत शिरली की यंत्रातून खरखर ऐकू यायची, रेडिओवर दोन स्टेशनांच्या मधली असते तशी. स्नायू जितका आवळलेला तितकी खरखर मोठी. दीड वर्ष ज्याच्याशी झगडते आहे त्याचा आवाज मी आज पहिल्यांदा ऐकला. डॉक्टर जिथे तो सर्वांत मोठा तिथे औषध सोडत होते. डावीकडे पुढे दोन जागा, उजवीकडे मागे तीन, एक खांद्याशी. बधिर केलं नव्हतं, त्याची गरजही वाटली नाही. दहा-बारा मिनिटांत झालं.

समजलं ते असं. मज्जातंतूच्या टोकाशी एक रसायन पुड्यांमध्ये भरून ठेवलेलं असतं. ते बाहेर पडलं की स्नायू आवळतो. पुडी फोडायला जे प्रथिन लागतं ते हे औषध कापून टाकतं. निरोप निघतो पण पोचत नाही. काही आठवड्यांनी मज्जातंतू आपली टोकं पुन्हा कामाला लावतो आणि स्नायू परत आवळायला लागतो. मेंदूतला बिघाड तिथेच राहतो. म्हणून दर तीन महिन्यांनी पुन्हा.

पैसे बरेच लागले. दिवाळीच्या हंगामातल्या माझ्या कमाईचा मोठा वाटा गेला. हे औषध ज्यांना परवडणार नाही त्यांचं काय होत असेल, हा विचार दुपारभर सुटला नाही.

९ ऑक्टोबर

काही फरक नाही.

१२ ऑक्टोबर

नाही. लेक रोज विचारते. तिला म्हटलं, दोन आठवडे थांब.

१६ ऑक्टोबर

आज कचेरीतून निघताना जिना उतरले, रस्त्यावर आले, कोपऱ्यावरच्या पेपरवाल्यापर्यंत गेले, आणि तिथे लक्षात आलं की मी पेपरवाल्याच्या पुढ्यातले मथळे वाचत उभी आहे. समोरचे. चालून आल्यानंतर.

कुणाला सांगितलं नाही. रात्री वहीत लिहिते आहे.

२४ ऑक्टोबर, दसरा

मान बरीच सरळ. पण घास अडकतो. श्रीखंड गेलं, पुरी अर्ध्या वाटेत थांबली, ठसका लागून डोळ्यांत पाणी आलं. घरातले घाबरले. डॉक्टरांनी फोनवर सांगितलं की पुढच्या स्नायूला दिलेलं औषध थोडं गळ्याकडे पसरतं. मऊ खा, पाण्याचा घोट घेऊन खा, हनुवटी जरा खाली करून गिळा, दोन-तीन आठवड्यांत जाईल. श्वासाला त्रास झाला, आवाज बसला किंवा पाणीही गिळवेना, तर मात्र एक मिनिट न थांबता यायचं. पुढच्या खेपेला डाव्या बाजूची मात्रा कमी करणार आहेत. हे आधी सांगितलं होतं, पण ताटावर बसल्यावर ते आठवत नाही. माझ्यासारख्या दुसऱ्या कुणाला इंजेक्शन घ्यायचं असेल तर मी पहिल्यांदा हे सांगेन.

१२ नोव्हेंबर, लक्ष्मीपूजन

गिळणं आठवड्याभरापासून पूर्ववत. अंक बाजारात आहेत. पाचांची मुद्रितं मी शोधली, त्यातल्या दोनांत माझं नाव छापलं आहे, शेवटच्या पानावर, बारीक टायपात.

संध्याकाळी रिक्षाने बहिणीकडे निघालो. लेक आधी बसली, डावीकडे. मी तिच्या उजवीकडे. गाडी वळल्यावर मला उमगलं की दोन वर्षांत ती माझ्या डावीकडे बसलेली नाही. बसमध्ये, जेवताना, सिनेमाला, नेहमी उजवीकडे. आम्ही ते कधी ठरवलं नव्हतं. तिनेच जागा बदलली होती, म्हणजे आईला ती दिसावी. आज पुन्हा तिनेच बदलली. मी तिच्याकडे वळले. डावीकडे. ती बाहेर आकाशकंदील बघत होती. कानात नवीन डूल होते. कधी घेतले विचारलं, तर म्हणाली, एप्रिलमध्ये.

२८ डिसेंबर

बारावा आठवडा. गेल्या सोमवारपासून मान पुन्हा ओढते. आधी खांद्यामागे दुखायला लागलं, मग फिरायला. औषध लवकर घेता येईल का विचारलं. डॉक्टर नको म्हणाले. वारंवार दिलं तर शरीर त्याच्याविरुद्ध प्रतिपिंडं तयार करू शकतं, मग ते चालेनासं होतं. तीन महिन्यांची शिस्त पाळायची.

इंजेक्शन चालेनासं झालं तर पुढे काय, हेही विचारून घेतलं. मेंदूतल्या ग्लोबस पॅलिडस नावाच्या भागात दोन्ही बाजूंना बारीक तारा बसवतात आणि छातीत त्वचेखाली बॅटरी. डीप ब्रेन स्टिम्युलेशन. गुण यायला काही आठवडे, कधी महिने लागतात. ते ज्यांना इंजेक्शनांचा उपयोग होत नाही त्यांच्यासाठी. मला आज त्याची गरज नाही, पण पुढे एक दार आहे हे कळल्यावर झोप बरी लागली.

व्यायाम रोज चालू आहेत. ती फिजिओथेरपीची मुलगी आरशासमोर बसवते आणि मान डावीकडे न्यायला लावते, सावकाश, जबरदस्ती न करता. जो स्नायू दोन वर्षं हरत होता त्याला बळ यायला हवं, म्हणते. आजाराचा पत्ता पहिल्यांदा तिला लागला. तिला मी दोन्ही दिवाळी अंक नेऊन दिले.

५ जानेवारी २०२४

दुसरी खेप. बाहेर बाकावर सातारा जिल्ह्यातले एक शेतकरी बसले होते, साठीचे. त्यांची मान मागे जाते, तोंड आभाळाकडे. डोकं भिंतीला टेकवून बसले होते. मी हनुवटीला बोटं लावून. आम्ही एकमेकांकडे बघितलं आणि दोघांनाही कळलं.

"भितीला टेकलं की गप बसतंय बघा," ते म्हणाले. "उभा ऱ्हायलो की निघालं वर. शेतात पाणी द्यायला गेलो तर पायाखालचं दिसत न्हाई. अकरा वरसं झाली. देवऋषी झाला, गंडं झालं. लोकं म्हणायची, ह्येला घमेंड आलीय, खाली बघत न्हाई."

त्यांच्या गळ्यात टॉवेल होता. चालताना त्याची गुंडाळी मानेमागे धरतात, हाताने. ती त्यांची बोटं. मी त्यांना फ्रेंच डॉक्टरांचं सांगितलं, सव्वाशे वर्षांपूर्वीही लोक असंच करत होते म्हणून. त्यांनी ते लक्ष देऊन ऐकलं. मग विचारलं, "मंग तवा त्यास्नी कुणी काय दिलं का?" मी नाही म्हटलं. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. त्यांचा नंबर आला तेव्हा भिंतीपासून डोकं सोडवून, टॉवेल मागे धरून आत गेले.

१५ जानेवारी, संक्रांत

चुलत सासूबाईंकडे हळदीकुंकू. नवीन औषध अजून पुरतं लागलेलं नाही. सकाळपासून मान ओढत होती, जावं की नाही यावर दुपार गेली. गेले.

वीस-बावीस बायका. माझी पाळी आली तेव्हा मान उजवीकडे आणि कापरी. चुलत सासूबाई समोर उभ्या, करंगळीशेजारच्या बोटाला कुंकू. कपाळ त्यांना सापडेना. मी डावा हात वर केला आणि दोन बोटं हनुवटीखाली टेकवली. खोलीतल्या सगळ्या बघत होत्या.

"दात दुखतोय का गं?" त्यांनी विचारलं.

"नाही काकू. मानेचा आजार आहे. अशी बोटं टेकवली की ती सरळ राहते."

"कुणी शिकवलं?"

"कुणी नाही. ते आजारातच असतं."

त्यांनी कुंकवाचं बोट तसंच वर धरून ठेवलं, मान मधे येऊन थांबेपर्यंत. मग लावलं. तिळगूळ हातावर ठेवताना म्हणाल्या, "बस, घाई नाही. चहा होतोय." मला भिंतीकडेची खुर्ची दिली आणि लेकीला म्हणाल्या, "तू आईच्या या बाजूला ये." त्यांनी हात दाखवला तो माझ्या डावीकडे.